बंदुका काढल्या आणि विमान सुटलं : डी हॅविलंड मॉस्किटो

उडता_गालिचा

परवा राफेलच्या धाग्यावर कुणीतरी ठासून लिहिलं होतं की एकाच विमानाने बॉम्ब टाकायचे, टेहळणी करायची आणि वर शत्रूच्या विमानांशी मारामारीही करायची, ही कल्पना संगणक आल्यानंतरची आहे. तिथेच वाद घातला असता तर धागा भरकटला असता, म्हणून हा वेगळा काढतोय. उदाहरण एकच घेतो : दुसऱ्या महायुद्धातलं ब्रिटिश डी हॅविलंड मॉस्किटो. दोन माणसं, दोन इंजिनं आणि बाकी जवळजवळ सगळं लाकूड.

त्या काळात बॉम्बर म्हणजे उडता किल्ला अशी समजूत होती. पुढे बुरूज, मागे बुरूज, पाठीवर बुरूज आणि प्रत्येकात मशीनगन घेऊन बसलेला एक गडी. आता त्या गड्याचं वजन, त्याच्या गोळ्यांचं वजन, त्याच्या प्राणवायूची नळकांडी, त्याला वाचवायला चिलखती पत्रा. एवढं ओझं उचलायचं तर इंजिनं वाढवा, इंजिनं वाढवली की इंधन वाढवा. शेवटी विमान इतकं सुस्त होतं की शत्रूची लढाऊ विमानं त्याला आरामात गाठतात. मग काय करायचं? अजून बंदुका लावायच्या!

जेफ्री डी हॅविलंड आणि त्यांचे मुख्य आरेखक रोनल्ड बिशप यांनी हे गणित दुसऱ्या टोकाकडून सोडवायला घेतलं. एकही बंदूक नको, एकही बुरूज नको. चालक आणि दिशादर्शक असे दोघेच बसतील. दोन रोल्स-रॉइस मर्लिन इंजिनं लावू आणि अंग एवढं गुळगुळीत ठेवू की मागे लागणाऱ्याला नुसती शेपटी दिसेल.

हवाई मंत्रालयाला हे पटेना. बिनबंदुकीचा बॉम्बर म्हणजे काय थट्टा आहे का? एअर मार्शल विल्फ्रिड फ्रीमन एकटे पाठीशी उभे राहिले, म्हणून लोकांनी त्या प्रकल्पाला 'फ्रीमनचा खुळेपणा' असं नाव ठेवलं. १ मार्च १९४० ला ५० विमानांचं कंत्राट मिळालं आणि तीन महिन्यांतच फ्रान्समधल्या डंकर्कहून ब्रिटिश सैन्याची माघार झाली. विमान उत्पादन मंत्री झालेल्या बीव्हरब्रुक यांनी सगळा जोर हाताशी असलेल्या मोजक्या विमानांवर लावला आणि मॉस्किटो बाजूला पडलं. जुलैमध्ये ते पुन्हा यादीत आलं.

मंडळी काम करत होती लंडन कॉल्नीजवळच्या सॉल्सबरी हॉल नावाच्या एका जुन्या वाड्यात. चहूबाजूंनी खंदक असलेला वाडा! २५ नोव्हेंबर १९४० ला हॅटफिल्डहून पिवळ्या रंगाचं पहिलं नमुना विमान उडालं. चालक होते धाकटे जेफ्री, म्हणजे खुद्द मालकांचे चिरंजीव. कंत्राटापासून पहिल्या उड्डाणापर्यंत नऊ महिने, तेही मध्येच काम बासनात गेलेलं असताना. आपल्याकडे सोसायटीच्या लिफ्टची फाइल याहून सावकाश हलते.

फेब्रुवारी १९४१ मध्ये बॉस्कम डाउनला चाचण्या झाल्या. २२,००० फुटांवर मॉस्किटोने ताशी ३९२ मैल गाठले, म्हणजे सुमारे ६३० किलोमीटर. तेव्हाच्या स्पिटफायर मार्क २ चा कमाल वेग १९,५०० फुटांवर ताशी ३६० मैल होता. म्हणजे ज्याला गाठायला लढाऊ विमानं पाठवायची, तो बॉम्बर त्या काळच्या नावाजलेल्या लढाऊ विमानाच्या पुढे. हे आकडे आल्यावर खुळेपणा हा शब्द कुणी तोंडातून काढला नसावा.

आता लाकडाकडे येतो. युद्धात ॲल्युमिनियमची ओढाताण होती आणि इंग्लंडभर फर्निचर आणि पियानो बनवणारे कारखाने हातावर हात ठेवून बसले होते. हाय वायकम हे गाव तर खुर्च्यांसाठीच प्रसिद्ध. ती सगळी माणसं, त्यांचे रंधे आणि शिकंजे डी हॅविलंडने कामाला लावले. अंगाची फळी तीन थरांची होती. बाहेर आणि आत बर्चचं पातळ प्लाय आणि मध्ये इक्वेडोरहून आणलेलं बाल्सा. बाल्सा म्हणजे ज्याची शाळेत खेळण्यातली विमानं करतात तेच, हातात घेतलं तर थर्मोकोल वाटावं असं. पण दोन प्लायच्या मध्ये चिकटवलं की ही फळी पीळ आणि दाब दोन्ही सहन करते आणि तिला आतून फारशा फासळ्याही लागत नाहीत.

विमानाचं धड नाकापासून शेपटीपर्यंत उभं चिरल्यासारखं, डावं आणि उजवं असं वेगवेगळं साच्यावर तयार करायचे. शेंगदाण्याचं टरफल उघडल्यावर दिसतं ना, तसं. दोन्ही अर्ध्या भागांत वायरी, नळ्या, तारा असं जमेल तेवढं उघड्यावरच बसवून घ्यायचं आणि मग ती टरफलं मिटायची. धातूच्या विमानात माणूस आत वाकून, आडवा होऊन जे काम करतो ते इथे उभ्याउभ्या होत होतं. वरून मडापोलम नावाचं तलम सुती कापड चिकटवायचं, त्यावर डोप, म्हणजे कापड ताणून घट्ट करणारा लेप, आणि रंग. रिव्हेटचं एक डोकं वर आलेलं नाही की पत्र्याची एक कड उठलेली नाही. हवेला अडकायला जागाच नाही.

माझा खरा मुद्दा आता येतो. हे विमान हरहुन्नरी झालं ते वेगवान होतं म्हणून. बुरूज नसल्यामुळे पोट रिकामं होतं आणि बिशपनी कॉकपिटच्या तळाखाली चार तोफांपुरती जागा आधीच राखून ठेवली होती. त्या पोटात काय भरायचं ते नंतर ठरवता येत होतं. कॅमेरे भरले तर टेहळणी विमान झालं. नाकात रडार आणि खाली २० मिलिमीटरच्या चार तोफा बसवल्या की रात्रीचा शिकारी. ५०० पौंडांचे बॉम्ब मावत नव्हते तर बॉम्बच्या शेपटीचे पंख आखूड केले आणि चार मावले. पुढे पोट थोडं फुगवून ४,००० पौंडांचा एकच 'कुकी' बॉम्ब बर्लिनपर्यंत नेला. 'ओबो' नावाची रेडिओ यंत्रणा घेऊन उंचावरून जायचं आणि मागून येणाऱ्या जड बॉम्बरांसाठी लक्ष्यावर रंगीत दिवे टाकायचे, हे कामही त्याचंच. एका प्रकारात तर ५७ मिलिमीटरची रणगाडाविरोधी तोफ बसवली आणि पाणबुड्यांच्या मागे लावलं. त्याचं नाव 'त्सेत्से'. त्या तोफेत आपोआप गोळे भरणारी यंत्रणा मोलिन्स कंपनीची होती आणि त्या कंपनीचा मूळ धंदा सिगारेटी वळणारी यंत्रं बनवण्याचा! मार्च १९४४ मध्ये दोन इंजिनांचं हे धूड चाचणी वैमानिक एरिक ब्राउन यांनी 'इनडिफॅटिगेबल' या विमानवाहू जहाजावर उतरवूनही दाखवलं.

एकूण ७,७८१ मॉस्किटो बनली. ब्रिटनमध्ये, कॅनडात आणि ऑस्ट्रेलियातही.

संगणक? एक स्लाइड रूल (हाताने सरकवून गणित करायची पट्टी) आणि बाजूला बसलेला दिशादर्शक.

---

खमंग_काकडी

मस्त! शेंगदाण्याची उपमा फिट्ट. पुढील लेखनास शुभेच्छा.

---

मुक्काम_पोस्ट_भोर

+१. गोअरिंगच्या भाषणाचा किस्सा राहिला की. तो लिहा.

---

उडता_गालिचा

@मुक्काम_पोस्ट_भोर, मुद्दाम ठेवला होता, कुणीतरी विचारणारच म्हणून. ३० जानेवारी १९४३ ला हिटलरच्या सत्तेला दहा वर्षं झाली. बर्लिनमध्ये सकाळी अकराला जर्मन हवाई दलाचा प्रमुख गोअरिंग याचं भाषण रेडिओवरून जाणार होतं. १०५ स्क्वाड्रनची तीन मॉस्किटो नेमकी अकराला, भर दिवसा बर्लिनवर पोहोचली. भाषण तासभर लांबलं. संध्याकाळी प्रचारमंत्री गोबेल्सच्या भाषणाच्या वेळी १३९ स्क्वाड्रनची आणखी तीन गेली, त्यातलं एक पाडलं गेलं. बॉम्बने नुकसान किती झालं ते सोडा, हवाई दलाच्या प्रमुखाला त्याच्याच राजधानीत तासभर खोळंबून ठेवलं.

---

चितारआळी

लेख आवडला, पण मला एक शंका आहे आणि ती धंद्यातली आहे.

मी सावंतवाडीचा. आमचं घर तीन पिढ्यांचं लाकूडकामाचं. बाबांच्या लहानपणी सरस वापरायचे. एका मोठ्या भांड्यात पाणी, त्यात डबा, डब्यात सरसाचे खडे, आणि खाली मंद आच. त्याचा वास अंगणातून बाहेर रस्त्यापर्यंत जायचा. जोड लावायचा तो सरस गरम असतानाच, वाऱ्याची झुळूक आली की वरून साय धरते आणि मग तो सांधा वरून पक्का दिसला तरी आतून कोराच राहतो. असा सांधा वैशाखात कळत नाही. मृग लागला की कळतो. दार फुगतं, चौकटीत अडकतं, आणि दिवाळीनंतर सुकून आकसलं की सांध्यात नखभर फट.

म्हणून विचारतो. इंग्लंडच्या थंड हवेत बनवलेलं हे लाकडी विमान आपल्याकडच्या पावसात आणलं होतं का? आणलं असेल तर त्याचं काय झालं?

---

उडता_गालिचा

@चितारआळी, बरोब्बर नस पकडलीत. आणलं होतं, आणि तुम्ही म्हणताय तेच झालं.

सुरुवातीचा सरस केसीनचा होता, म्हणजे दुधातल्या प्रथिनापासून केलेला. दमट उष्ण हवेत त्याला बुरशी लागते (दुधाचाच पदार्थ तो, दुसरं काय होणार). पुढे युरिया-फॉर्मल्डिहाइड हा कृत्रिम चिकटा आला, त्याला बुरशीचं भय नव्हतं. त्या भरवशावर मॉस्किटो भारतात आली. १९४३ मध्ये आधी हवामानाच्या चाचण्यांसाठी, मग प्रत्यक्ष कामाला. कलकत्त्याच्या अलीपूर तळावरून ६८४ स्क्वाड्रनची टेहळणी विमानं ब्रह्मदेशावर जाऊन जपानी रेल्वेमार्गांचे आणि तळांचे फोटो काढून आणत. एवढ्या लांबच्या पल्ल्यावर सोबतीला लढाऊ विमानं जाऊच शकत नव्हती, त्यामुळे उंची आणि वेग एवढंच संरक्षण. काही बॉम्बर स्क्वाड्रनही जुनी विमानं टाकून मॉस्किटोवर आल्या.

१९४४ च्या पावसाळ्यानंतर मात्र विमानं हवेतच मोडू लागली. पंखाचं वरचं आवरण मुख्य तुळईपासून सुटायचं. नोव्हेंबरमध्ये या भागातली मॉस्किटो तपासणीसाठी जमिनीवर बसवावी लागली. कंपनीतर्फे हेरवर्ड डी हॅविलंड पाहणीला आले. त्यांचं म्हणणं पडलं की चिकटा निर्दोष आहे, पावसाळ्यात लाकडाची हालचाल झाल्यामुळे सांधे गेले. नंतरच्या चौकशीत मात्र बोट कारखान्याकडे वळलं : तुळई आणि आवरण यांच्या जोडात मुळातच फटी राहिल्या होत्या, चिकटा नीट पोहोचला नव्हता. उपाय साधाच निघाला. पंखाच्या लांबीभर त्या सांध्यावरून प्लायची एक पट्टी चिकटवून तो बंद करायचा.

---

चितारआळी

म्हणजे दोघंही खरं बोलत होते. वाईट सांधा आणि चांगला पाऊस. एकटा सांधा इंग्लंडात टिकला असता, आणि एकट्या पावसाने चांगला सांधा उघडला नसता.

पट्टीचा उपाय आम्हीही करतो. गिऱ्हाइकाला ती नक्षी म्हणून सांगतो. 😀

---

आजीची_गोधडी

'मडापोलम' शब्दावर अडकले. गोदावरीच्या मुखाजवळ नरसापूरपाशी त्या नावाचं गाव होतं, तिथे ईस्ट इंडिया कंपनीची कापडाची वखार होती आणि गावावरून कापडाला नाव पडलं. म्हणजे हॅटफिल्डमधल्या विमानाच्या अंगावर आंध्रातल्या गावाचं नाव. कापड तोवर लँकेशायरमध्ये विणलं जात होतं हा भाग वेगळा, आणि त्यावर खरं तर वेगळा धागा होईल.

आमच्या आजीच्या तोंडी 'मादरपाट' असायचा. परकराला, उशीच्या अभ्र्याला. विमानाचा विचार तिनं केला नसता हे नक्की.

---

हिशेबनीस

सगळे आरत्या ओवाळताहेत म्हणून थोडं मीठ टाकतो.

१. इंजिनांचा हिशेब. मॉस्किटोला दोन मर्लिन, लँकेस्टर या ब्रिटिश जड बॉम्बरला चार. लँकेस्टर १४,००० पौंडांपर्यंत बॉम्ब नेत असे, मॉस्किटो जास्तीत जास्त ४,०००. म्हणजे एका इंजिनामागे साडेतीन हजार विरुद्ध दोन हजार. मर्लिन इंजिन तर सगळ्यांनाच हवं होतं, स्पिटफायरलाही आणि मस्टँगलाही. त्यामुळे 'सगळीच मॉस्किटो का नाही बनवली' हा जो प्रश्न इंटरनेटवर दर महिन्याला उगवतो, त्याचं अर्धं उत्तर इथेच आहे.

२. वेग हे चिलखत होतं म्हणताय, पण कुठल्या उंचीवर? १९४२ मध्ये दिवसा, झाडांच्या शेंड्यांवरून जाऊन बॉम्ब टाकायचं काम दिलं तेव्हा जर्मनांच्या फॉकवुल्फ १९० लढाऊ विमानांनी ती गाठलीच. सप्टेंबर १९४२ ची ऑस्लोची मोहीम घ्या. नाझींच्या गुप्त पोलिसांच्या, म्हणजे गेस्टापोच्या, मुख्यालयावर चार गेली, एक फॉकवुल्फने पाडलं. इमारत उभीच राहिली, आणि आजूबाजूच्या घरांतली साधी माणसं मेली. ब्रिटनने मात्र त्याच मोहिमेनंतर मॉस्किटोचं नाव जगजाहीर केलं आणि कौतुक केलं.

३. उडवायला सोपं नव्हतं. दोन्ही पंखे एकाच दिशेला फिरायचे, त्यामुळे धावपट्टीवर वेग घेताना ते एका बाजूला ओढायचं. उड्डाणानंतर लगेच एक इंजिन गेलं तर वेग पुरेसा नसल्याने चालकाच्या हातात काही उरत नसे. हे किस्से सांगायला माणसं परत येत नाहीत, म्हणून ते कमी ऐकू येतात.

---

उडता_गालिचा

@हिशेबनीस, तुमचा पहिला मुद्दा मान्य, इंजिनामागचा आकडा बिनतोड आहे. पण हिशेब मांडायचा तर माणसांचाही मांडा. लँकेस्टरमध्ये सात जण, मॉस्किटोत दोन. ब्रिटिश हवाई दलाच्या बॉम्बर कमांडची ५५,५७३ माणसं युद्धात गेली. त्याच बॉम्बर कमांडच्या मॉस्किटोंनी २८,००० च्या वर उड्डाणं केली आणि १९३ विमानं गमावली, म्हणजे शेकडा एकसुद्धा नाही. जड बॉम्बरांचं प्रमाण शेकडा दोनच्या वर. एका कारकिर्दीत तीस मोहिमा करायच्या असतील तर हा फरक किती मोठा होतो ते तुमच्या नावाला साजेसं तुम्हीच काढा.

तुमच्या दुसऱ्या मुद्द्यावरही वाद नाही. वेगाचं चिलखत उंचावर आणि रात्री चालायचं, खाली उतरलं की पातळ व्हायचं. आणि ते कायमचं नव्हतंच. २६ जुलै १९४४ ला म्युनिकजवळ एका टेहळणी मॉस्किटोवर मेसरश्मिट २६२ या जेट विमानाने हल्ला केला. मॉस्किटोच्या चालकाने वळणं घेत घेत ढगात शिरून जीव वाचवला, पण त्या दिवशी पहिल्यांदाच कुणीतरी मागून येऊन सहज पुढे निघून गेलं. मूळ युक्तीचं आयुष्य तेवढंच. साडेतीन वर्षं.

तिसरा मुद्दा मी लिहायला हवा होता. राहिला.

---

ओझरकर

या विमानाचा एक धागा आपल्यापर्यंत येतो, तो सांगतो. डी हॅविलंडने पुढे व्हँपायर हे जेट केलं. त्याच्या धडाचा पुढचा भाग, म्हणजे चालक बसतो ती कोंबडीच्या अंड्यासारखी कुपी, याच पद्धतीची होती : प्लाय, बाल्सा, प्लाय. जेट इंजिन आणि लाकडी नाक! भारतीय हवाई दलाकडे व्हँपायर १९४८ मध्ये आली, बंगलोरला हिंदुस्तान एअरक्राफ्टमध्ये ती बनलीही, आणि १ सप्टेंबर १९६५ ला छांबमध्ये पाकिस्तानी रणगाड्यांवर सोडली गेली तेव्हा ती पार म्हातारी झाली होती. पाकिस्तानच्या सेबर जेटसमोर निभाव लागला नाही.

मी राहतो ओझरच्या कारखान्यापासून सायकलच्या अंतरावर. आधी मिग, मग सुखोई, आयुष्यभर डोक्यावरून जाताना ऐकली आहेत. सुखोई ३० तर आजचं हरहुन्नरीच. पण आजचं विमान पहिल्या दिवसापासून 'सगळं करणारं' म्हणून आखतात, आणि म्हणून ते तसं महागही होतं. मॉस्किटोचं उलटं दिसतंय, आधी एकच काम नीट केलं आणि जागा शिल्लक ठेवली. धागाकर्त्याचा मुख्य मुद्दा मला म्हणूनच पटला. राफेलच्या धाग्यावरच्या त्या भाऊंना मात्र अर्धे गुण द्या. रात्रीच्या शिकाऱ्याला बॉम्बर करायचं तर कारखान्यात वेगळं विमान बनवावं लागत होतं. आजच्यासारखं एकाच फेरीत दोन्ही, असं सहसा नव्हतं.

---

उडता_गालिचा

@ओझरकर, 'फायटर-बॉम्बर मार्क ६' मध्ये चार तोफा, चार मशीनगन आणि शिवाय बॉम्ब असं सगळं एकत्र होतं, आणि मॉस्किटोचा सगळ्यात जास्त बनलेला प्रकार तोच. पण रडारच्या बाबतीत तुमचं खरं आहे. अर्धे गुण दिले.

---

वाकडी_वाट

जर्मनांनी याची नक्कल करायला घेतली होती ते कुणी लिहिलं नाही अजून. फॉकवुल्फच्या कुर्ट टांक यांनी टीए १५४ नावाचं लाकडी रात्रविमान केलं, नावही 'मोस्किटो'च. त्यासाठी टेगो-फिल्म नावाचा चिकटा लागायचा आणि तो बनायचा वुपरटालला. ब्रिटिशांच्या बॉम्बहल्ल्यात तो कारखानाच बेचिराख झाला. बदली म्हणून जो चिकटा आणला त्यात आम्ल जास्त, त्याने लाकूडच खाल्लं. विमानं हवेत सुटी झाली आणि प्रकल्प गुंडाळला.

लाकूड दोघांकडे होतं, सुतार दोघांकडे होते. अडलं चिकट्यापाशी.

---

मंजिरी_उत्तरेकडची

मी कोपनहेगनला नऊ वर्षं राहतेय. या विमानाचे इथे दोन किस्से सांगतात. लोक पहिला हसत सांगतात, दुसरा तसा सांगता येत नाही.

पहिला नील्स बोरचा. सप्टेंबर १९४३ च्या अखेरीस बोर नाझींपासून निसटून स्वीडनला आले होते. स्वीडन तटस्थ. तिथून स्कॉटलंडच्या ल्यूखर्सपर्यंत बीओएसी ही ब्रिटिश नागरी विमान कंपनी मॉस्किटो चालवायची, येताना स्वीडनचे बॉलबेअरिंग आणायला. कधी माणूस आणायचा असेल तर त्याला बॉम्बच्या कप्प्यात गादीवर आडवं झोपवायचं, प्राणवायूची नळी आणि बोलायला इअरफोन द्यायचा. बोर यांचं डोकं मोठं, इअरफोनचं शिरस्त्राण नीट बसेना. चालकाने उंचीवर गेल्यावर प्राणवायू सुरू करायला सांगितलं ते त्यांना ऐकूच आलं नाही आणि ते बेशुद्ध पडले. खालून उत्तर येत नाही म्हटल्यावर चालकाने विमान खाली आणलं, म्हणून वाचले. अणूची रचना मांडणारा माणूस बॉम्बसारखा टांगून नेला.

दुसरा २१ मार्च १९४५ चा. शेलहूस या इमारतीत गेस्टापोचं मुख्यालय होतं आणि वरच्या मजल्यावर डॅनिश कैदी कोंडलेले. भूमिगतांच्या विनंतीवरून मॉस्किटो तीन लाटांत, छपरांच्या उंचीवरून आली. पहिल्या लाटेतल्या एकाचा पंख दिव्याच्या खांबाला लागला आणि ते फ्रेडरिक्सबर्गमध्ये फ्रेंच शाळेजवळ कोसळलं. धूर उठला. मागून येणाऱ्यांतल्या काहींना वाटलं हेच लक्ष्य, आणि त्यांनी शाळेवर बॉम्ब टाकले. ८६ मुलं गेली.

शेलहूस पेटलं, गेस्टापोची कागदपत्रं जळाली, बरेच कैदी निसटले. तेही खरं. फ्रेडरिक्सबर्ग आलेवर त्या शाळेच्या जागी स्मारक आहे, मुलांना घेऊन उभी असलेली एक नन. मी रोज तिथून सायकलने जाते. खालच्या उंचीवर, त्या वेगाने, चालकाला खांब दिसायला आणि धूर ओळखायला किती वेळ मिळत असेल, हे मला वरचे ताशी ३९२ मैल वाचल्यावर पहिल्यांदा नीट मोजता आलं. सेकंदाला १७० मीटरच्या वर. माझ्या घरापासून स्मारकापर्यंतचं अंतर चार सेकंदांत.

---

खमंग_काकडी

...

---

उडता_गालिचा

@मंजिरी_उत्तरेकडची, ३९२ हा आकडा उंचावरचा, खाली वेग थोडा कमी असायचा. पण त्याने तुमच्या म्हणण्यात काही बदलत नाही. मी मूळ लेखात फक्त जमलेल्या गोष्टी लिहिल्या हे आता जाणवतंय. फ्रान्समधल्या आमियाँच्या तुरुंगाचंही तसंच आहे. फेब्रुवारी १९४४ मध्ये बर्फ पडत असताना मॉस्किटोंनी तुरुंगाच्या भिंती फोडल्या, २५८ कैदी पळाले आणि १०२ तिथेच मेले. मोहिमेचे नेते पिकार्ड परत आले नाहीत. 'अचूक हल्ला' म्हणून हे सगळीकडे छापलं जातं.

---

पावणेदहाची_लोकल

मी कामानिमित्त वॅटफर्डला होतो तेव्हा हे पिवळं विमान प्रत्यक्ष पाहिलंय, म्हणून दोन ओळी.

सॉल्सबरी हॉलच्या आवारातच संग्रहालय आहे. बाजूने एम २५ रस्ता जातो, त्याची घरघर सतत कानावर. पहिलं नमुना विमान अजून तिथेच आहे, डब्ल्यू ४०५०, ज्या गावात जन्मलं त्याच गावात. आणखी दोन मॉस्किटो आहेत. कामाला बहुतेक सगळे निवृत्त स्वयंसेवक. माझ्याकडे बघून एक आजोबा आपणहून आले आणि त्यांनी धडाच्या फळीचा एक कापलेला तुकडा माझ्या हातात ठेवला. बोटभर जाडीचा. कडेला दोन्हीकडे तपकिरी रेघा, मधे फिकट बाल्सा, क्रीमच्या बिस्किटासारखा. वजन हातात जाणवेचना. मी नखाने बाल्सा दाबून पाहिला तर ठसा उमटला, आणि आजोबा म्हणाले की सगळे तेच करतात, म्हणून तुकडा दर दोन वर्षांनी बदलावा लागतो.

मग कॉकपिटकडे पाहिलं. दोन माणसं इतकी दाटीवाटीने बसायची की दिशादर्शकाची खुर्ची चालकाच्या जरा मागे सरकवली होती, नाहीतर खांद्याला खांदा लागून हात हलवता आला नसता. बाहेर पडायचं झाकण पाहून तर पॅराशूट घातलेला माणूस यातून निघायचा कसा हेच कळेना. हिशेबनीस यांच्या तिसऱ्या मुद्द्यात हेही घाला.

@चितारआळी, त्या तुकड्याचा आणि साच्यावरच्या अर्ध्या धडाचा फोटो माझ्याकडे आहे. व्यक्तिगत निरोपात पाठवतो.

---

चितारआळी

@पावणेदहाची_लोकल, फोटो मिळाले, मनापासून आभार. बाबांना दाखवले. वय ७८, मोबाइल हातात धरत नाहीत, मला धरायला लावला आणि चष्मा वर करून बराच वेळ बघितलं. विमान आहे हे मी आधी सांगितलंच नव्हतं. त्यांनी ती आतली वायरिंग, तो उघडा अर्धा भाग पाहिला आणि विचारलं, "जोडूच्या आदी भितुरला काम आटपल्यानी मां?"

म्हटलं, हो.

"मगे माणूस शाणो."

नंतर त्या सांध्याचा फोटो मोठा करून दाखव म्हणाले. दाखवला. तर म्हणे सरस कुठला होता. दुधाचा होता म्हणून सांगितलं, तर माझ्याकडे असं बघितलं की मीच तो लावलाय.

---

आजीची_गोधडी

😂😂 बाबांना नमस्कार सांगा.